चार पावसाळे

व्हर्ना लोन एल्क. फळ्यावर नाव लिहिलं
तर सातवी ब आडनावाचा अर्थ विचारू लागली.
एकटा सांबर, मी म्हटलं. साधारण.
मागच्या बाकावरून निरंजन लांडगे उठला :
म्हणजे आमच्यातल्याच की, बाई!
आणि दांडेकर पुलाजवळच्या महापालिकेच्या शाळेतून
साउथ डकोटा तेवढं लांब राहिलं नाही.

लाकोटांचं वर्ष पहिल्या बर्फापासून सुरू होतं.
पुढचा पहिला बर्फ पडेपर्यंत जे जे झालं
त्यातलं एकच म्हाताऱ्यांनी बसून निवडायचं
आणि कातड्यावर त्याचं एक चित्र काढायचं.
वनियेतू वोवापी. मुलांनी तीनदा घोकलं.
मी मराठीत सांगू लागले : हिवाळ्यांची…
आणि अडले. हिवाळे कोण मोजतं आपल्याकडे?
पावसाळ्यांची, बाई! रेणुका खिलारे म्हणाली,
आजा म्हणतो ना, तुझ्यापेक्षा चार जास्त बघितलेत.

कातडं नव्हतं. मांजरपाट होता,
पावणेचार मीटर, पावतीसकट.
मधोमध सुरुवात करून गोगलगाईसारखं बाहेर जायचं.
शबानाने उलटा फ्रिज काढला : ओढा घरात आला ते वर्ष.
कुणी मेट्रोचा खांब काढला, नुसताच, वर काही नाही.
एकाने बाटली काढून तिच्यावर फुली मारली,
थोडा वेळ बघत बसला,
आणि फुली खोडली.

त्यांच्या डब्यात साळिंदराचे काटे होते,
काडेपेटीच्या काडीहून बारीक, लाल-पिवळे रंगवलेले.
तोंडात धरून मऊ करायचे, दातांनी चपटे करायचे,
मग चामड्यावर शिवायचे.
त्यांच्या आजीने शिकवलं.
त्याच आजीच्या तोंडात, मिशनच्या शाळेत,
लाकोटा बोलली म्हणून साबण कोंबला होता.
हे मी मुलांना सांगताना
"साबण" म्हणाले, आणि पुढचं वाक्य गाळलं.
त्यांना कळलं असावं. माझं वाक्य फारच लहान होतं.

दुसऱ्या दिवशी निरंजनने तळजाईवरून काटा आणला,
वीतभर लांब, काळा-पांढरा, आपल्याकडचा.
बाईंनी दाताखाली धरून पाहिला. हसल्या.
हा शिवायचा नाही, म्हणाल्या,
आणि शाईत बुडवून मला दिला :
तुमचं कुठलं वर्ष?

माझी आई कैकाडी. पुलाखाली टोपल्या विणते.
निरगुडीचे फोक दातात धरून सोलते,
पुढचे दोन दात त्यातच झिजले.
तिची भाषा मी पहिलीत शाळेत शिरताना
चपलांसारखी दाराबाहेर काढून ठेवली.
कुणी साबण लावला नव्हता.
आपणच. नीट, जोडीने, भिंतीला टेकवून.
परत निघाले तेव्हा ती पायात बसत नव्हती.

हे मी त्यांना सांगितलं नाही.
मी त्यांना पुलाखाली घेऊन गेले.
दोघी बुटक्या स्टुलांवर बसल्या
आणि एकमेकींना दात दाखवले.
आईने फोक दिला, त्यांनी काटा दिला,
मग बराच वेळ दोघींचीही तोंडं भरलेली होती
आणि मला काही काम उरलं नव्हतं.
अधेमधे आई माझ्याशी काहीतरी बोलली, तिच्या भाषेत.
मी मराठीत म्हटलं, हो, चहा सांगते.
व्हर्नाबाईंनी मान वर केली.
दोन्हीतलं काही येत नव्हतं त्यांना,
पण त्यांनी मान वर केली.

त्या गेल्या.
मांजरपाट मुख्याध्यापकांच्या केबिनमागे टांगलाय,
डेडस्टॉक रजिस्टरला नोंद आहे :
पडदा, रंगीत, नग एक.
सर्वांत बाहेरच्या वेढ्यात बोटभर जागा कोरी आहे.
परवा आई शाळेत आली, डबा द्यायला.
पडद्यापुढे उभी राहिली, चपला घालूनच,
उलट्या फ्रिजवर बोट ठेवून तिने काहीतरी विचारलं.
एक शब्द मला लागला.
एकच. पाणी.
मी तो परत म्हटला, चुकीचा.
तिने दुरुस्त केला.